फॅबचा घसारा आणि सोलापूरचं पाणी

'सोलापुरात सेमीकंडक्टरचा कारखाना आणू' हे वाक्य भाषणात टाळ्या घेतं. चिप बनवणारा असा कारखाना, म्हणजे फॅब, कशावर उभा राहतो, याचा हिशेब मात्र कुणी मांडत नाही.

गुजरातमधल्या धोलेऱ्याचा, टाटा आणि तैवानच्या पीएसएमसीचा प्रकल्प घ्या. गुंतवणूक 91,000 कोटी, क्षमता महिन्याला 50,000 वेफर (चिप जिच्यावर घडतात ती सिलिकॉनची गोल चकती), तंत्रज्ञान 28 ते 110 नॅनोमीटर (आकडा जितका लहान, तितकं काम बारीक आणि नवं). या धंद्यात यंत्रांचा घसारा, म्हणजे त्यांच्या झिजेपोटी दरवर्षी खर्चात धरायची रक्कम, साधारण पाच वर्षांत काढतात. सोयीसाठी इमारतीसकट सगळी रक्कम पाचाने भागली, तर वर्षाला 18,200 कोटी होतात. वर्षाचे वेफर सहा लाख, म्हणजे एका वेफरवर तीन लाख रुपये नुसता घसारा. आणि 28 नॅनोमीटरचा तयार वेफर जगात विकला जातो तीन हजार डॉलरच्या आसपास, म्हणजे अडीच-पावणेतीन लाखांना. वीज, रसायनं, पगार अजून धरलेच नाहीत.

म्हणून सरकार लागतं. डिसेंबर 2021 मध्ये मंजूर झालेल्या 76,000 कोटींच्या सेमीकंडक्टर योजनेत केंद्र प्रकल्पखर्चाच्या निम्मी रक्कम देतं, त्यावर गुजरात सुमारे 20 टक्के घालतं. कंपनीच्या खिशातले उरतात 27,300 कोटी, आणि घसारा वेफरमागे 91,000 रुपयांवर येतो. आता जमतं. पण कारखाना साठ टक्केच चालला, तर तोच आकडा दीड लाखावर जातो. यंत्रमागवाल्यांना हे वेगळं सांगायला नको: माग बंद असला तरी बँकेचा हप्ता थांबत नाही.

बरं, आयात शुल्क लावून घरचा माल वाचवावा, तर तीही सोय नाही. जागतिक व्यापार संघटनेच्या माहिती तंत्रज्ञान करारात भारत 1997 पासून आहे, त्यामुळे चिप शून्य शुल्काने येतात. पहिल्या दिवसापासून स्पर्धा तैवान आणि चीनच्या भावाशी.

खरी कसोटी मात्र यील्डची, म्हणजे वेफरमधल्या किती चिप चांगल्या निघतात याची. 300 मिलिमीटरच्या वेफरवर एक चौरस सेंटिमीटरच्या साधारण 640 चिप बसतात. चौरस सेंटिमीटरला सरासरी 0.1 दोष असेल तर 580 चांगल्या निघतात, दोष 0.5 वर गेला की 390. खर्च दोन्ही वेळा तेवढाच. वेफर लाइनवर दोन-तीन महिने असतो, आणि त्या काळात धुळीचा कण, मास्कची (सर्किटच्या नक्षीच्या साच्याची) किंचित सरकलेली जुळणी, रसायनातली अशुद्धता यांपैकी काहीही नडू शकतं. विजेचा दाब क्षणभर पडला तरी भट्टीतली आख्खी बॅच जाऊ शकते. फेब्रुवारी 2021 मध्ये टेक्सासच्या थंडीत वीज गेली, तेव्हा ऑस्टिनचा सॅमसंगचा फॅब काही आठवडे पूर्ववत होऊ शकला नाही. आपल्याकडे मोहालीची एससीएल ही सरकारी चिप कंपनी 1984 ला सुरू झाली आणि 1989 च्या आगीत होरपळली. आज तिथे 180 नॅनोमीटरवर काम चालतं. खंड पडला की जग पुढे निघून जातं.

आता सोलापूर. फॅबला दिवसाला काही कोटी लिटर पाणी लागतं, तेही 18.2 मेगाओहम-सेंटिमीटर विद्युतरोधाचं, म्हणजे क्षार जवळजवळ नसलेलं. उजनी भरलेली असतानाही नळाला काही दिवसांआड पाणी येणाऱ्या शहरात ही मागणी करायला धाडसच हवं. वीज म्हणाल तर एनटीपीसीचा 1,320 मेगावॅटचा प्रकल्प जवळ आहे. पण फॅबला वीज नुसती मुबलक असून भागत नाही, एकदाही न लचकणारी लागते.

इथे जमण्यासारखं काम वेगळं आहे: सर्किट बोर्ड जोडणी, म्हणजे तयार चिप बोर्डावर बसवणं. इलेक्ट्रॉनिक जकार्डचे (मागावर नक्षी विणणाऱ्या यंत्राचे) कंट्रोलर, मोटर नेमकी फिरवणारे सर्व्हो ड्राइव्ह, वीजमीटर यांना लागणाऱ्या चिप बहुतांश जुन्या, जाड तंत्रज्ञानाच्याच असतात, आणि ग्राहक अक्कलकोट रोड किंवा चिंचोळी एमआयडीसीत हाकेच्या अंतरावर आहे.

पण हवा सांभाळायला हवी. चिपचं प्लास्टिक आवरण ओल शोषतं. एमएसएल 3 च्या (एमएसएल म्हणजे चिप ओलीला किती नाजूक याची श्रेणी) चिपचं पाकीट फोडल्यावर 30 अंश आणि 60 टक्के आर्द्रतेत 168 तासांच्या आत ती रिफ्लो ओव्हनमधून, म्हणजे टाके वितळवून चिप बोर्डाला जोडणाऱ्या भट्टीतून, निघायला हवी. जुलैत पाकीट उघडं पडलं, की ओव्हनमध्ये आतल्या ओलीची वाफ होते आणि आवरण आतून तडकतं. बाहेरून चिप धडधाकट दिसते, बोर्ड चाचणीतही पास होतो आणि गिऱ्हाइकाकडे दोन महिन्यांत बंद पडतो. वेळ टळली असेल तर चिप ओव्हनआधी भाजून कोरड्या कराव्या लागतात. 125 अंशांना किती तास, हे आवरणाच्या जाडीवर ठरतं. रीलवरच्या (प्लास्टिक टेपच्या गुंडाळीतल्या) चिप मात्र त्या तापमानाला टाकू नका, टेपच वितळतो; त्यांना 40 अंशांवर कितीतरी दिवस ठेवावं लागतं.

एप्रिल-मेचं दुखणं उलटं. कोरड्या हवेत स्थिर विद्युत साठते, आणि हाताला जाणवणारही नाही एवढ्या झटक्याने ट्रान्झिस्टरचा गेट फुटतो. मनगटपट्टा, अर्थिंग केलेली चटई आणि आर्द्रता 40 टक्क्यांच्या वर एवढं किमान हवंच. सोलापूरच्या कूलरने आर्द्रता वाढते खरी, पण त्याच्या वाऱ्याबरोबर धूळही येते. तेव्हा खोली बंद ठेवून ह्युमिडिफायर लावा. मनगटपट्ट्याची वायर मधूनच तुटते आणि वरून कळत नाही, म्हणून रोज पाळी सुरू होताना तो टेस्टरवर तपासा.