तां आणि पानी

परवा पुन्हा विचारलंत. अमळनेरच्या लग्नात, पंगतीत, वरण-बट्टीचा घास हातात असताना. "सर, तुम्ही अकरावीला बुककीपिंग शिकवता. मग शाळाशाळांत जाऊन त्या मेंदूवाल्या गोऱ्या लोकांच्या गोष्टी कशाला सांगत फिरता?" मी नेहमीचं सांगितलं, छंद आहे. तुम्ही मान हलवलीत आणि वांग्याची भाजी वाढणाऱ्याला हाक मारलीत.

छंद नाही. पैसेही मिळत नाहीत. आजवरची कमाई म्हणजे टॉवेल-टोप्या, नारळ आणि त्या गोऱ्यांतल्याच एकावरून स्टाफरूममध्ये पडलेलं 'ब्रोका सर' हे नाव. डॉक्टर व्हायचं राहून गेलं असंही काही नाही. बारावीला मला बायॉलॉजी नव्हतीच.

दुसरा एक प्रश्न तुम्ही माझ्या पाठीमागे विचारता, तोही मला ठाऊक आहे. 'मास्तरनं विहिरीचा तुकडा का फुकून टाकला?' दोन्हींचं उत्तर एकच आहे. एकदाच लिहून टाकतो.

२००४ चा पोळा आठवड्यावर आला होता. माझे वडील, आबा, केळीच्या बागेत पिलं, म्हणजे बुंध्याशी फुटलेले कोंब, कापत होते, तिथंच पडले. उजवं अंग गेलं, तोंड वाकडं झालं. लकवा आहे हे लहान पोरालाही कळलं असतं. पण चुलत्यांपैकी एकानं 'बाहेरचं' काढलं आणि सकाळचे चार-पाच तास भगताच्या लिंबांत गेले. मी एम.कॉम., बी.एड. असून तिथं बाजूला उभा होतो. चोपड्याहून जीप केली तेव्हा दुपार टळली होती. मेंदूतली गुठळी विरघळवणारं इंजेक्शन पहिल्या साडेचार तासांतच द्यायचं असतं, हे मी पुढे कधीतरी वाचलं.

जळगावात डॉक्टरांनी फिल्म उजेडात धरली, आपल्याच डाव्या कानशिलावर दोन बोटं टेकवली आणि म्हणाले, "इथं झालंय. बोलणं गेलंय." पुढेही ते बरंच बोलले. समजण्याबद्दल काहीतरी होतं. मला ते आठवत नाही, कारण मी काउंटरवर भरायच्या रकमेचा हिशेब करत होतो.

आबा घरी आले ते एकच शब्द घेऊन. 'पानी.' भूक लागली, पानी. लघवीला जायचंय, पानी. नातू आला, पानी, आणि डोळ्यांत हसू. शब्द तोच, पण त्याचे हेल वेगळे, चढउतार वेगळे. आम्हाला हेल ऐकू येत नव्हते, शब्द ऐकू येत होता, म्हणून आम्ही पाणी द्यायचो. दिवसातून वीसदा तांब्या पुढे. कधी घ्यायचे, कधी डाव्या हातानं असा उडवायचे की भिंत भिजायची. एकदा मी त्यांच्यावर ओरडलो, "मागता पण तुम्हीच आणि फेकता पण तुम्हीच!" माय कोपऱ्यातून म्हणाली, "त्यासले सम्दं समजस रे." मी म्हटलं, माय, ही तुझी माया बोलतेय.

तेव्हा कर्ज झालं होतं, हे लिहायला हवं. दवाखाना, औषधं, मालिशवाला, त्यात केळीचा भाव पडलेला. पाच एकरांतला दोन एकरांचा तुकडा विकायचा ठरवला. विहीर त्याच तुकड्यात होती. घेणारा ओट्यावर आला, आबांच्या खाटेपासून हातभर अंतरावर बसला. सौदा सुरू झाला तसं आबांनी 'पानी' लावून धरलं. 'पानी, पानी, पानी.' डावा हात हवेत गोल फिरवत होते. घेणारा कचरला. म्हणाला, "आबांचं काय म्हणणं?" मी हसून सांगितलं, "त्यांचं काही नाही. त्यांना आता काही कळत नाही." आणि बायकोला हाक मारली, आबांना पाणी दे गं.

दहा दिवसांनी तालुक्याला खरेदीखत. जमीन आबांच्या नावावर, म्हणजे अंगठा आबांचा. दोघांनी खुर्चीसकट उचलून त्यांना आत नेलं. टेबलामागच्या माणसानं कागदावरून नजर वर केली. "काय आबा, राजीखुशीनं देताय ना?" आबा म्हणाले, "पानी." त्या माणसानं माझ्याकडे पाहिलं. मी म्हटलं, "बोलता येत नाही फक्त, कळतं सगळं." दहा दिवसांपूर्वी ओट्यावर काहीच कळत नव्हतं, आज टेबलासमोर सगळं कळत होतं. दोन्ही वाक्यं माझीच. शिपायानं माठातून ग्लास भरून आणला, आबांनी तो घेतला नाही. मग मी त्यांचा डावा अंगठा धरला, पॅडवर फिरवला आणि कागदावर टेकवला.

खरेदीखतात 'विहीर व पाण्याच्या हक्कासह' असं लिहिलेलं होतं. निम्मा हिस्सा राखून ठेवतात, पाळी ठरवतात, सातबाऱ्यावर इतर हक्कांत नोंद करतात, हे आमच्याकडे शेंबड्या पोराला माहीत असतं. मला सुचलं नाही. हिशेब शिकवणाऱ्या माणसाला सुचलं नाही! घेणाऱ्यानं पाणी देईन असा तोंडी शब्द दिला होता आणि एक हंगाम तो पाळलाही. मग त्याची स्वतःची केळी लागली. आमच्या उरलेल्या तीन एकरांत केळी बंद झाली, कोरडवाहू कपाशी आली. आबा २००७ पर्यंत ओट्यावर त्याच खाटेवर होते. मोटारीचा आवाज यायचा. ते काही म्हणायचे नाहीत, म्हणजे एक शब्द होता तोही म्हणेनासे झाले.

ते गेल्यावर दोन वर्षांनी नाशिकला बोर्डाच्या कामाला गेलो होतो. फुटपाथवर एक जुनं इंग्रजी पुस्तक चाळायला घेतलं, कशासाठी ते सांगता येणार नाही. त्यात लबॉर्न भेटला. बुटांचे लाकडी साचे करणारा फ्रेंच कारागीर. तिशीत वाचा गेली, पॅरिसजवळच्या बिसेत्र रुग्णालयात आला आणि तिथंच राहिला. काहीही विचारा, उत्तर 'तां, तां'. सगळे त्याला तां म्हणूनच ओळखायचे. फार चिडला की एक शिवी मात्र स्पष्ट यायची. पुढे उजवा हात गेला, मग पाय. १८६१ च्या एप्रिलमध्ये तो पाय सडायला लागला म्हणून त्याला सर्जन पॉल ब्रोकाकडे आणलं. आठवड्याच्या आत, १७ एप्रिलला, तो मेला. ब्रोकानं मेंदू काढून दुसऱ्याच दिवशी विद्वानांच्या सभेत दाखवला. डाव्या बाजूला, पुढच्या भागात, खड्डा. माणूस बोलतो ते मेंदूच्या एका विशिष्ट जागेवरून, हे तिथून मानलं जाऊ लागलं.

हे सगळं मी शाळांत सांगतो. पण त्या फुटपाथवर मी अडकलो तो आधीच्या एका परिच्छेदात. माणूस जिवंत असताना ब्रोकानं त्याला विचारलं होतं, इथं येऊन किती वर्षं झाली? तांनं डावा हात चार वेळा उघडला आणि वर एक बोट दाखवलं. एकवीस. बरोबर होतं. ब्रोकानं पुन्हा विचारलं, पुन्हा तेच उत्तर. तिसऱ्यांदा विचारल्यावर तांच्या लक्षात आलं की आपली परीक्षा चाललीय, आणि त्यानं ती शिवी हासडली.

एवढंच करायचं होतं. आबा, केळीची झाडं किती? आबा, विहीर किती परस खोल? बोटं तर होती त्यांना. तीन वर्षांत मी एकदाही विचारलं नाही. पुस्तक साठ रुपयांना घेतलं, घासाघीस केली नाही.

माझी पहिली दोन-तीन वर्षांची व्याख्यानं तुम्ही ऐकली असतील तर ती विसरा. त्यांत मी ब्रोकाला संत करून टाकला होता. हाच ब्रोका कवट्या मोजायचा आणि बायकांचा मेंदू लहान म्हणून बुद्धी कमी, असं मांडायचा. डाव्या बाजूचा शोध आपल्या बापानं १८३६ मध्येच लावला होता, असं म्हणत गुस्ताव दाक्स नावाचा फ्रेंच डॉक्टर त्याच्याशी भांडला, तेही मी गाळायचो. आता सांगतो. आणि आबा गेले त्याच वर्षी, २००७ मध्ये, तांच्या जपून ठेवलेल्या मेंदूचा एमआरआय प्रसिद्ध झाला. इजा वरच्या खड्ड्यापुरती नव्हतीच, खूप खोल गेली होती. म्हणजे मी मुलांना कानशिलावर दोन बोटं ठेवायला लावतो ते तितकंसं बरोबर नाही. तरी लावतो. डॉक्टरांची ती दोन बोटं माझ्या हातून सुटत नाहीत.

माझी बाजूही आहे, ती ऐका. १८७४ मध्ये कार्ल व्हेर्निके नावाच्या सव्वीस वर्षांच्या जर्मन डॉक्टर पोरानं दाखवलं की मेंदूत आणखी मागे इजा झाली तर उलटं होतं: माणूस घडाघडा बोलतो, पण बोलण्याला अर्थ नसतो आणि समोरच्याचं कळत नाही. गुठळी मोठी असेल तर दोन्ही जागा जातात. आबांची किती मोठी होती? फिल्म पुढे घराच्या पावसाळी गळतीत खराब झाली. आणि नुसती वाचा गेलेल्यांनाही लांब, गुंतागुंतीची वाक्यं नीट लागत नाहीत. 'विहिरीसह विकतोय, हिस्सा न राखता' हे त्यांना लागलं असेल असं छातीठोकपणे कोण म्हणेल? 'पानी' हा त्यांचा एकुलता एक शब्द होता, सौद्याच्या दिवशी तोच आला, यात विशेष काय? तो तर नातवाला पाहूनही यायचा.

मग एकादशीचं भजन आठवतं. मंडळी ओट्यावर बसली, टाळ सुरू झाले आणि आबा अभंगाचा अख्खा चरण म्हणाले. स्पष्ट, शब्दांसकट. सगळ्यांनी हात जोडले. मी म्हटलं, पांडुरंगाची कृपा, आणि दुसऱ्या दिवशी पुन्हा तांब्या पुढे केला. अशाच एका माणसाची नोंद १७४५ मध्ये स्वीडनमध्ये झाली आहे. उजवं अंग गेलेलं, बोलणं नाही, पण कुणी सुरुवात करून दिली की प्रार्थना गायचा. पावणेतीनशे वर्षांपूर्वी कुणीतरी ते लिहून ठेवलं. मी घरात बघूनही नमस्कार करून मोकळा झालो.

बाकीची माणसं मी सांगतो ती खरं तर मुलांनी बसून राहावं म्हणून. अमेरिकेतल्या रेल्वेच्या कामावरचा मुकादम फिनीयस गेज, त्याच्या डोक्यातून साडेतीन फुटांची पहार आरपार गेली आणि तो त्यानंतर अकरा वर्षं जगला, हे ऐकताना मागच्या बाकावरची पोरंही गप्प होतात. इटलीच्या गोल्जीनं दवाखान्याच्या स्वयंपाकघरात चांदीच्या क्षारानं मेंदूतल्या पेशी काळ्या करून दाखवल्या आणि त्या सगळ्या एका जाळ्यात जोडलेल्या आहेत असं मानलं. चांभाराकडे आणि न्हाव्याकडे उमेदवारी केलेल्या स्पेनच्या काहालनं त्याच रीतीनं काळ्या केलेल्या पेशी बघून उलटा निष्कर्ष काढला: प्रत्येक पेशी सुटी आहे. १९०६ चं नोबेल दोघांना मिळून मिळालं आणि गोल्जीनं नोबेलच्या भाषणातच काहालचं मत खोडायला घेतलं. बांधावरचे भाऊबंदच. यावर पोरं हसतात, कारण बांध त्यांना माहीत असतो.

आणि शेवटी तां. व्याख्यानाच्या शेवटी तां येतोच. 'घरी कुणाची वाचा गेली असेल तर त्यांना प्रश्न विचारा, बोटं मोजा' एवढं सांगून मी खाली बसतो. आबांचं नाव घेत नाही. आज पहिल्यांदा घेतलं.

खरेदीखताची झेरॉक्स माझ्या कपाटात आहे. पानापानावर आबांचा अंगठा आहे, रेषा मोजता येतील इतका स्वच्छ. फक्त शेवटच्या पानावरचा फरफटलेला आहे, डावीकडे बोटभर शाई ओढली गेली आहे. तिथं माझा हात हलला की त्यांनी अंगठा मागे घेतला, हे मी भिंगाखाली धरूनही पाहिलंय.