अलंगला कॅमेरा घेऊन जाताना

जगभरातून मोडीत निघालेली जहाजे गुजरातमधील अलंगच्या किनाऱ्यावर येतात आणि ती तोडण्यासाठी ओडिशा, झारखंड, बिहार, उत्तर प्रदेशातून माणसे येतात. या दुसऱ्या प्रवासावर माहितीपट करण्याच्या विचाराने आम्ही तिघे फेब्रुवारीत पाच दिवस तिथे होतो. वांद्रे टर्मिनसहून भावनगरला थेट रात्रीची रेल्वे आहे; मुक्काम भावनगरातच करावा, कारण पन्नासेक किलोमीटरवरच्या अलंगला त्रापजमार्गे रोज जाऊन येता येते.

तारखा मात्र पंचांग पाहून ठरवाव्यात. खंभातच्या आखातात भरती-ओहोटीतील फरक सुमारे 10 मीटर असतो, त्यामुळे अमावास्या-पौर्णिमेच्या उधाणात जहाज स्वतःच्या इंजिनाच्या जोरावर किनाऱ्यात घुसवतात आणि ओहोटी लागली की ते चिखलात कोरडे उभे राहते. महागडी गोदी न बांधता 1983 पासून हा धंदा चालतो तो याच जोरावर. आम्ही नेमके भांगाच्या (अष्टमीच्या सुमाराच्या, कमी जोराच्या) भरतीला पोहोचलो आणि हे दृश्य हुकले.

यार्डात प्रवेश आणि चित्रीकरण यांसाठी गुजरात मेरीटाइम बोर्डाची परवानगी लागते. अर्ज निघण्याच्या पुष्कळ आधी करावा. आम्ही तो उशिरा केला, त्यामुळे कॅमेरा फाटकाबाहेरच राहिला. खरे तर त्यात आमचे नुकसान झाले नाही, कारण त्रापज-अलंग रस्त्याकडेच्या, ‘खाडा’ म्हटल्या जाणाऱ्या दुकानांत जहाजाचे पोट उघडे पडलेले असते: जपानी सूचनांचे फलक, ताटल्यांच्या चळती, गाद्या, व्यायामाची यंत्रे, रंग उडालेल्या जीवरक्षक नौका. 2019 मध्ये मुंबई-गोवा सहली करणारी ‘कर्णिका’ ही क्रूझ 2020 च्या अखेरीस इथेच आली होती. घासाघीस अवश्य करावी; जुन्या जहाजाचे उष्णतारोधक पत्रे मात्र घेऊ नयेत, त्यांत फुप्फुसांना घातक असे अ‍ॅस्बेस्टॉस असू शकते.

कामगारांशी यार्डाच्या फाटकावर बोलू नये, मुकादमाची नजर असते. सुटीच्या दिवशी त्यांच्या खोल्यांवर जावे, पहिल्या भेटीत कॅमेरा पिशवीतच ठेवावा, आणि चेहरा दाखवायचा की नाही हे त्यांनाच ठरवू द्यावे. नोकरी त्यांची जाते, आपली नाही. हिंदीवर भागते, तरी ओडिया जाणणारा सोबती असला तर गप्पा वेगळ्याच वळतात. गॅसकटर चालवणाऱ्या एका माणसाला आपण तोडलेल्या जहाजांची नावे आठवत नव्हती (शेवटच्या फेरीआधी नाव आणि झेंडा पुष्कळदा बदललेला असतो), पण कोणते जहाज किती महिने पुरले हे तो बोटांवर मोजून सांगत होता. ‘तुमच्या मुंबईतही हे काम होतं ना?’ असे त्याने विचारले. होते: जुनी ‘विक्रांत’ ही युद्धनौका 2014 मध्ये मुंबईतल्या दारूखाना या जहाजतोडणीच्या भागातच तोडायला घेतली होती. आमच्यापैकी दोघे मुंबईचे असूनही दारूखान्यात कधी गेलो नव्हतो.

एक दिवस भावनगरजवळच्या सिहोरसाठी राखावा. अलंगचे पोलादी पत्रे तिथल्या रोलिंग मिलमध्ये जातात आणि बांधकामाच्या सळया होऊन बाहेर पडतात. ट्रक पहाटेपासून निघतात, तेव्हा रस्त्यावर सहाच्या आत पोहोचावे.