पांढरी तबकडी आणि प्लिमथचा समुद्र

इंग्लंडला जाते म्हटल्यावर सगळे लंडनचंच विचारत होते, पण माझी मावसबहीण राहते प्लिमथला, पार नैऋत्य टोकाला, लंडनहून ट्रेनने तीन-साडेतीन तास. बार्बिकनच्या दगडी गल्ल्या, १६२० साली मेफ्लॉवर जिथून सुटलं तो धक्का, टेकडीवरचा लाल-पांढरा स्मीटन्स टॉवर, हे सगळं झालं. त्यावर लिहिणारे भरपूर आहेत. मला सांगायचंय ते ताईच्या शेजाऱ्यांच्या बोटीबद्दल.

रिटायर्ड नवरा-बायको आहेत, दोघंही आधी शाळेत शिकवायचे. यॉट म्हटलं की आपल्याला कुणीतरी अब्जाधीश आठवतो, पण ही शिडाची छोटी जुनी बोट, आत दोन बाकं आणि एक गॅसची शेगडी, बस्स. ताईने विचारलं येतेस का, मी लगेच हो म्हटलं. सटन हार्बरमधून निघालो, ब्रेकवॉटर, म्हणजे लाटा अडवणारा बांध, मागे पडला आणि एडीस्टोनच्या दीपगृहाच्या दिशेने बराच वेळ गेल्यावर काकांनी शिडं उतरवली, बोट जवळजवळ थांबली आणि काकूंनी खालून एक पांढरी तबकडी आणली. ३० सेंटिमीटरची, आपल्या जेवणाच्या ताटाएवढी, मध्ये भोक, त्यातून मोजायची टेप ओवलेली आणि खाली वजन बांधलेलं. घरी केलेली, रंगाच्या बादलीच्या झाकणाची!

ही सेक्की डिस्क. ती पाण्यात सोडत जायची आणि दिसेनाशी झाली की टेपवर खोली बघायची, एवढंच. पण त्या एवढ्याशाला नियम आहेत आणि दोघं ते मनापासून पाळतात. वेळ सकाळी दहा ते दुपारी दोन, म्हणजे सूर्य वर असतो. गॉगल काढायचा. टेप तिरपी गेली तर परत मोजायचं. माझ्या हातात टेप दिली, तबकडी आधी हिरवट झाली, मग नुसता ठिपका, मग आहे की नाही असं वाटायला लागलं आणि आठ मीटरच्या थोडं पुढे गेलीच. काकूंनी फोनवरच्या अ‍ॅपमध्ये आकडा टाकला, जागा जीपीएसने आपोआप घेतली, नेटवर्क नव्हतं, पण किनाऱ्याजवळ नेटवर्क आलं की आकडा आपोआप पाठवला जातो म्हणाल्या.

हे कशासाठी, तर खुल्या समुद्रात पाणी गढूळ दिसतं ते मुख्यतः वनस्पती प्लवकांमुळे, म्हणजे पाण्यात तरंगणाऱ्या सूक्ष्म वनस्पतींमुळे; ते जितके जास्त तितकी तबकडी लवकर दिसेनाशी होते. डोळ्यांना न दिसणारे हे जीव, पण जगातलं जवळजवळ निम्मं प्रकाशसंश्लेषण तेच करतात आणि मासे, व्हेल सगळ्यांचं पोट शेवटी त्यांच्यावर. २०१० साली कॅनडातल्या शास्त्रज्ञांनी नेचर मासिकात लिहिलं की १९५० पासून हे प्लवक सुमारे ४० टक्क्यांनी घटलेत, आणि त्यावर मोठा वाद पेटला. मोजमापंच पुरेशी नव्हती ना! मग २०१३ मध्ये इथल्याच रिचर्ड कर्बी या प्लवकतज्ज्ञाने बोटवाल्यांनाच सांगितलं, तुम्ही मोजा; काकूंचं ते अ‍ॅप याच उपक्रमाचं. मला फार पटलं हे. संशोधनाची जहाजं मोजकी, त्यांचा रोजचा खर्च प्रचंड, आणि समुद्र केवढा, पण हौसेने फिरणारी शिडाची बोट तिकडे जाणारच असते. आणि हे काही आजचं नाही, १८६५ मध्ये फादर सेक्की या इटालियन धर्मगुरू-खगोलशास्त्रज्ञाने, ज्यांच्यावरून तबकडीला नाव पडलं, तिचे पहिले प्रयोग केले तेसुद्धा भूमध्य समुद्रात पोपच्या यॉटवरून. प्लिमथमध्येच सिटाडेल हिलवर मरीन बायोलॉजिकल असोसिएशनची प्रयोगशाळा आहे, तिथून चालणाऱ्या सर्व्हेसाठी १९३१ पासून व्यापारी जहाजं प्लवक पकडायचं यंत्र मागे ओढत नेतात. १९९७ मध्ये चार्ल्स मूर हवाईची शर्यत संपवून स्वतःच्या बोटीने कॅलिफोर्नियाला परतताना पॅसिफिकमधल्या प्लास्टिककडे जगाचं लक्ष गेलं, तोसुद्धा खासगी बोटवालाच.

परत येताना जेनीक्लिफची खाडी लागली. सुंदर, शांत, मला वाटलं इथे थांबून जेवू, पण काकांनी सुकाणू वळवलंसुद्धा नाही. तळाशी समुद्री गवत आहे, २०२१ पासून बिया पेरून ते परत वाढवायचं काम इथे झालंय, आणि नांगर टाकला की त्याची साखळी तळावर घासत फिरते आणि मुळासकट गवत उपटते. त्या गवतात माशांची पिल्लं वाढतात, गाळात कार्बन साठतो. म्हणून तिथे नांगर न टाकायची विनंती केलेली आहे, सक्ती नाही, सगळं बोटवाल्यांच्या मर्जीवर. आम्ही चालत्या बोटीवरच सँडविच खाल्ली. मला तर तबकडीपेक्षा हे जास्त मोठं वाटलं, मोजण्यात मजा तरी आहे, इथे नुसतं पुढे निघून जायचं आणि कुणी बघतही नाही.

मुंबईत गेटवेसमोर, मांडव्याला इतक्या खासगी बोटी उभ्या असतात. अ‍ॅप फुकट आहे, जगात कुठूनही चालतं. ओळखीत कुणाची बोट असेल तर त्यांना हे नक्की दाखवा, फक्त बंदरात मोजू नका, तिथे चिखलच मोजला जाईल. किनारा, खाड्या सोडून चांगलं बाहेर, निळ्या पाण्यात जायचं. तबकडी पूर्ण पांढरी हवी, काळे-पांढरे भाग असलेली तळ्यांसाठी असते, आणि रंग मॅट घ्या.