मराठीतून आलेली केवायसी

कर्नाटकातल्या खानापूरकडच्या आमच्या गावात सरकारी मेसेज मराठीत येत नाही. वीजबिल कन्नडमध्ये, रेशनचं कन्नडमध्ये, बँकेचं झालंच तर इंग्रजीत. त्यामुळे शेजारच्या काकू व्हॉट्सअॅपवरचा मेसेज पुढे करून म्हणाल्या, "बघ की रे, हे तरी मराठीत आलंय. सरकारच्या गृहलक्ष्मी योजनेचे पैसे पाहिजेत तर केवायसी करा म्हणतंय," तेव्हा मला लिंकच्या आधी त्या मराठीचाच संशय आला.

वर राजमुद्रेचं चित्र, खाली बिटलीची, म्हणजे लांब पत्ता छोटा करून देणाऱ्या साइटची, शॉर्ट लिंक. त्या चित्राला काही अर्थ नसतो. लिंकसोबत काय दिसावं हे साइटवालाच ठरवतो.

लिंकवर बोट दाबून धरलं, कॉपी केली, ब्राउझरमध्ये चिकटवून शेवटी + टाकलं. बिटलीची लिंक मग पुढे नेत नाही, कुठं नेणार तेवढं दाखवते. टायनीयूआरएल ही तसलीच दुसरी साइट असेल तर पत्त्याच्या आधी 'प्रीव्ह्यू' आणि टिंब जोडायचं. बाकीच्या लिंका मी व्हायरसटोटल या लिंका तपासणाऱ्या साइटवर तपासतो. मात्र स्वतःची खासगी लिंक तिथं टाकत नाही, कारण टाकलेलं इतरांनाही दिसतं.

खरा पत्ता निघाला तो असा: 'गृहलक्ष्मी-कर्नाटक-गव्ह-इन', मग टिंब, मग 'टॉप', मग तिरपी रेघ आणि अगदी शेवटी 'एपीके'. साइटच्या नावानंतरची पहिली तिरपी रेघ शोधायची आणि तिथून मागे वाचत यायचं. गृहलक्ष्मीची खरी सरकारी साइट असती तर रेघेच्या लगेच आधी 'कर्नाटक डॉट गव्ह डॉट इन' आलं असतं, टिंबांसकट. इथं टिंबांच्या जागी आडव्या रेघा. आणि एपीके म्हणजे फॉर्म नव्हे, अख्खं अॅप. बसवलं की एसएमएस वाचायची परवानगी मागणार, म्हणजे ओटीपी त्यांच्या हातात.

सगळ्याच शॉर्ट लिंका खोट्या नसतात. इंग्रजी एसएमएसमध्ये 160 अक्षरं मावतात, मराठी-कन्नडमध्ये जेमतेम 70, म्हणून बँकाही त्या वापरतात. ऑक्टोबर 2024 पासून ट्राय या दूरसंचार नियामकाच्या नियमानं कंपन्यांच्या एसएमएसमध्ये आधी नोंदवलेल्याच लिंका चालतात. व्हॉट्सअॅपला ही चाळणी नाही.

"मग माझे पैसे कुठं अडकलेत?" काकूंचा प्रश्न रास्त होता. ग्राम वन या गावातल्या सरकारी सेवा केंद्रात गेलो, तर खात्याला आधार जोडलेलंच नव्हतं. बँकेत अर्ज देऊन आलो. मेसेज मात्र तोवर बचत गटाच्या ग्रुपवर पोचला होता. एकीनं लिंक दाबून फाइल उतरवली होती, अॅप बसवलं नव्हतं. डाउनलोडमधून ती फाइल काढून टाकली. अॅप बसवलं असतं तर आधी नेट बंद, मग दुसऱ्या फोनवरून बँकेला कळवणं, आणि पैसे गेले असते तर लगेच 1930 या सायबर फसवणुकीच्या हेल्पलाइनला फोन. नंबर रिपोर्ट करून ब्लॉक केला आणि ग्रुपवर लिहिलं, कन्नड वाचणाऱ्या सुनांसाठी कन्नडमध्येही.