मास्तरांची मुलगी

रविवार, रात्री उशिरा

आज यू सो-चाऊ या नटीचा ‘बुद्धाज पाम’ पाहिला. १९६४ चा कँटोनीज सिनेमा, हाँगकाँगचा. नायक त्सो तात-वा, नायिका ही. हात पुढे केला की तळव्यातून किरणं निघतात, आणि ती किरणं चक्क फिल्मवर हाताने रेखाटलेली! बघताना हसू येतं, पण उठवत नाही.

उठवत नाही ते या बाईमुळे. पेकिंग ऑपेरात, म्हणजे गाणं, अभिनय आणि कसरती एकत्र असलेल्या चिनी संगीत नाटकात, तयार झालेली. तिथली शिस्त अशी की तलवारीचा फेरा पुरा झाला की क्षणभर जागीच थबकायचं. मान ताठ, डोळे विस्फारलेले, नजर थेट समोर. संगीत नाटकातला नट तान संपवून टाळीसाठी थांबायचा ना, तसं. कॅमेऱ्यापुढे टाळी वाजवायला कोणी नसतं, तरी ती सवय अंगातून जात नाही. शिवाय तेव्हाचे कित्येक कँटोनीज सिनेमे आठवड्या-दोन आठवड्यांत हातावेगळे व्हायचे. रिटेकची चैन कुणाला परवडणार? अंगात जे मुरलेलं होतं तेच पडद्यावर आलं.

भाच्याला कौतुकाने सांगायला गेलो तर म्हणतो, “मामा, म्हणजे जॅकी चॅनच्या सरांची मुलगी ना?”

झालं! तशी ती आहेच. वडील यू जिम-युएन. नेथन रोडच्या मिराडोर मॅन्शनमध्ये त्यांची ऑपेराची शाळा होती. जॅकी आणि पुढे त्याच्यासारखेच मारधाडीच्या सिनेमांत गाजलेले सामो हंग, युएन बियाओ तिथलेच पठ्ठे. त्यांनी खाल्लेल्या छड्या एव्हाना साऱ्या जगाला पाठ आहेत. मास्तरांवर १९८८ साली ‘पेंटेड फेसेस’ हा अख्खा सिनेमा निघाला, त्यात मास्तर झाला खुद्द सामो. पण ही पोरं शाळेत उलट्या उड्या घोटवत होती तेव्हा पोस्टरवर नाव मुलीचं होतं, हे कोण सांगणार? शंभराहून जास्त सिनेमे केलेत तिने. तरी ओळख फक्त मास्तरांची मुलगी म्हणून, त्याचा मला राग येतो, उगाच नाही.

‘कुंग फू हसल’ हा हाँगकाँगचा अलीकडचा सिनेमा मात्र सगळ्यांनी पाहिलेला असतो. त्यात पोरगा भिकाऱ्याकडून ज्या विद्येची पोथी विकत घेतो, ती याच ‘बुद्धाज पाम’ची. त्यातल्या खलनायकाचं नावही इथूनच उचललेलं, फक्त इथे तो नायकाचा गुरू आहे. आणि सिगरेट ओढत सगळी चाळ दणाणून सोडणारी ती घरमालकीण, युएन चिऊ, तीही याच मास्तरांची शिष्या. एवढं सगळं त्या घरातून आलं, आणि घरातल्या लेकीचं नाव विचारावं तर कुणाला ठाऊक नाही.

साठच्या दशकातच तिने काम थांबवलं. कँटोनीज ऑपेराचे नट माक बिंग-विंग यांच्याशी लग्न, नंतर अमेरिका. २०१७ साली गेली.

या सिनेमाचे पुढचे भागही आहेत. पाहणार आहे, पण आज नाही. उद्या सकाळची लोकल गाठायचीय.