घरचा चॉकलेटी चहा

गेल्या श्रावणात माझी भाची शिक्षणासाठी पुण्यात राहायला आली आणि पहिल्याच रविवारी आमच्या कोथरूडच्या घरी येताना चॉकलेटच्या स्वादाच्या चहाचा एक डबा घेऊन आली. डबा उघडताच स्वयंपाकघरभर चॉकलेटचा वास दरवळला. पण चहा करून प्यायलो तेव्हा तो वास जिभेपर्यंत पोहोचलाच नाही. नाकाला चॉकलेट आणि जिभेला साधा, काहीसा फुळकवणी चहा, असा तो प्रकार होता. डब्यावरचे बारीक अक्षर वाचल्यावर कारण कळले. त्यात चहाची पाने आणि वरून लावलेला सुगंधी अर्क एवढेच होते, कोको अजिबात नव्हता. "मावशी, खरा कोको घालून घरी करता येईल का गं असा चहा?" असे तिने विचारले आणि त्यानंतरचे जवळजवळ दोन महिने आमच्याकडे दुपारी चारच्या चहाबरोबर आणखी एक छोटे पातेले गॅसवर चढू लागले.

माझे वडील, म्हणजे अण्णा, आमच्याकडेच असतात. त्यांचे तारुण्य शुक्रवार पेठेत गेले आणि अमृततुल्याचा चहा ही त्यांची आयुष्यभराची सवय आहे. पितळी पातेल्यात उकळणारा, वेलदोडा आणि आले ठेचून घातलेला, गोड आणि दाट चहा हाच त्यांच्या लेखी चहा. त्यांना हा प्रयोग सांगितला तेव्हा त्यांनी एकच अट घातली : "चहात काय घालायचे ते घाल, पण चहा हरवता कामा नये." ही अट मला मनापासून पटली, कारण चॉकलेट घातलेले गरम दूध प्यायचे असेल तर चहा पावडर वाया घालवण्याचे काहीच कारण नाही. कोकोने इथे वेलदोड्याचे काम करायचे होते, दुधात विरघळवायच्या पावडरीचे नव्हे. कोकोच्या झाडाला लिनियस या स्वीडिश वनस्पतिशास्त्रज्ञाने १७५३ मध्ये थिओब्रोमा हे नाव दिले. ग्रीक भाषेत त्याचा अर्थ देवांचे अन्न असा होतो. अमृततुल्य चहा आणि देवांचे अन्न यांचे जमायला खरे तर हरकत नसावी, असे अण्णांना सांगितल्यावर ते समाधानाने हसले.

पहिल्या प्रयत्नात मी उकळत्या चहात कॅडबरीचे चार तुकडे टाकले. (आपल्याकडे कोणत्याही चॉकलेटला कॅडबरी म्हणायची पद्धत आहे, पुण्याजवळ तळेगावच्या पलीकडे इंदुरीला तो कारखाना असल्यामुळे की काय, आमच्या घरात तर दुसरा शब्दच नव्हता.) चहा गोडमिट्ट झाला आणि कपावर तेलाचे बारीक थेंब तरंगू लागले. वडीच्या चॉकलेटमध्ये कोकोचे लोणी असते आणि ते आपल्या शरीराच्या उष्णतेहून जरा कमी तापमानालाच वितळते. वडी तोंडात विरघळते ती म्हणूनच. उकळत्या पाण्यात मात्र ते सुटे होऊन वर येते. शिवाय दुधाच्या चॉकलेटमध्ये साखर आणि दूधच अधिक, कोको थोडा. त्यामुळे चॉकलेटची चव यावी एवढे तुकडे घालायचे म्हटले तर साखर हाताबाहेर जाते.

दुसऱ्या वेळी कोको पावडर थेट पातेल्यात घातली. तिच्या गुठळ्या झाल्या आणि गाळणीत जवळजवळ सगळी पावडर अडकून राहिली. कोको पाण्यात विरघळत नाही, हे आधी समजून घेतले पाहिजे. तो साखरेसारखा नाहीसा होत नाही, बेसनासारखा पाण्यात पसरून राहतो. त्यात स्टार्चही असतो. कोरड्या पावडरीचा गोळा उकळत्या पाण्यात पडला की बाहेरचा स्टार्च फुगून चिकट आवरण तयार होते आणि आतली पावडर कोरडीच राहते. पिठले करताना पीठ आधी गार पाण्यात कालवून घ्यावे असे आपल्या आज्या सांगत आल्या, त्यामागचे कारणही हेच आहे.

तिसरी चूक मला सर्वांत जास्त दिवस सापडली नाही. कोको नीट कालवून घेतला, चहा पावडरीबरोबरच पाण्यात घातला आणि नेहमीप्रमाणे पाच मिनिटे खळखळून उकळला. दिसायला चहा सुरेख होता, पण घोट घेतल्यावर टाळूला कोरड पडल्यासारखे झाले. चहात टॅनिन असतात आणि कोकोतही त्याच जातीची तुरट द्रव्ये भरपूर असतात. आपण घरोघरी वापरतो ती दाणेदार सीटीसी चहा पावडर पाने चिरडून, फाडून आणि वळवून केलेली असते. त्यामुळे तिचा रंग आणि तिचा तुरटपणा पाण्यात फार लवकर उतरतो. नेहमीच्या चहात दुधातील प्रथिने या तुरट द्रव्यांना बांधून ठेवतात आणि म्हणून कडक चहाही दूध घातल्यावर सौम्य लागतो. चहा आणि कोको या दोघांचा तुरटपणा एकाच वेळी आला की तेवढे दूध पुरे पडत नाही. दूध वाढवावे तर चहा हरवतो आणि अण्णांची अट मोडते.

यावरून जी रीत ठरली तिचे सार असे की कोकोला दुधात शिजू द्यायचे, चहाला पाण्यात मुरू द्यायचे आणि दोघांची गाठ अगदी शेवटी घालायची. दोन कपांसाठी मी एक कप पाणी आणि पाऊण कप दूध घेते. एका छोट्या पातेल्यात दोन सपाट चमचे कोको पावडर, तीन चमचे साखर आणि अगदी कणभर मीठ कोरडेच एकत्र करते. साखरेचे दाणे पावडरीच्या मध्ये आल्यामुळे गुठळ्या होण्याचा संभव तिथेच कमी होतो आणि मिठामुळे कडवटपणा दबतो. मग त्यात दोन मोठे चमचे कोमट दूध घालून चमच्याच्या पाठीने घोटत राहायचे. आधी ते कोरडे आणि हट्टी वाटते, पण मिनिटभरात त्याला तकाकी येते आणि केकवरच्या सॉससारखे दिसू लागते. या टप्प्यावर घाई करू नये, कारण पुढचे सगळे याच घोटण्यावर अवलंबून आहे. मग उरलेले दूध थोडेथोडे घालून मंद आचेवर ठेवायचे आणि कडेला बुडबुडे दिसू लागल्यावर दोनेक मिनिटे ढवळत राहायचे. तेवढ्यात कोकोतील स्टार्च शिजतो, कच्चट वास जातो आणि दूध किंचित दाट होते. शक्यतो म्हशीचे दूध घ्यावे. कोकोच्या सुगंधाचा बराचसा भाग स्निग्धांशात उतरतो आणि म्हशीच्या दुधात तो भरपूर असतो.

शेजारच्या शेगडीवर पाण्याला आधण आले की दोन चमचे चहा पावडर घालायची, एकच उकळी येऊ द्यायची, गॅस बंद करून झाकण ठेवायचे आणि तीन मिनिटे मुरू द्यायचे. खळखळून उकळलेला चहा अमृततुल्यात शोभतो, इथे नाही. मुरलेला चहा गाळून कोकोच्या दुधात घालावा आणि पुन्हा उकळू न देता फक्त वाफाळेपर्यंत तापवावा. कपात ओतण्यापूर्वी पातेल्यात रवी घालून तळव्यांच्या मध्ये आठदहा वेळा घुसळली तर तळाशी बसू पाहणारा कोको वर येतो आणि कपावर हलका फेस धरतो.

रवीचे मला आपोआप सुचले, पण पुढे वाचताना कळले की कोकोच्या पेयाची जुनी परंपरा असलेल्या मेक्सिकोत आजही अगदी अशीच लाकडी रवी दोन्ही तळहातांमध्ये फिरवून चॉकलेटला फेस आणतात. तिला तिथे मोलिनियो म्हणतात. त्याच्याही पूर्वी, स्पॅनिश लोक तिथे जाण्याआधी, माया आणि अ‍ॅझटेक लोक कोकोचे पेय एका भांड्यातून दुसऱ्या भांड्यात उंचावरून ओतून फेस काढत असत. त्यात दूध नव्हते आणि बहुधा मिरचीचा तिखटपणा होता. आपला चहावालाही उंचावरून धार धरतो, हे आठवल्यावर मी तो प्रकारही करून पाहिला. फेस रवीइतका टिकला नाही, पण चहा पिण्याजोगा निवला.

कोको पावडर घेताना दोन गोष्टी पाहाव्यात. एक म्हणजे ती साधी, बिनसाखरेची असावी. ड्रिंकिंग चॉकलेट म्हणून मिळणाऱ्या पावडरीत बहुतेक वेळा साखर सर्वांत जास्त असते. दुसरी गोष्ट रंगाची आहे. नेदरलँड्समधील व्हान हाउटेन कुटुंबाने १८२८ मध्ये कोकोतील लोणी दाबून काढण्याच्या यंत्राचे पेटंट घेतले आणि उरलेल्या चोथ्याच्या पावडरीवर अल्कलीची प्रक्रिया करण्याची रीतही त्यांनीच रूढ केली. अशा प्रक्रियेची पावडर गडद असते, पाण्यात सहज मिसळते आणि तिचा आंबटपणा गेलेला असतो. साधी पावडर फिकट, थोडी आंबटसर आणि फळांच्या वासाची असते. दुधाच्या चहाला मला गडद पावडर अधिक मानवली. रविवार पेठेत केकचे सामान विकणाऱ्या दुकानांत दोन्ही प्रकार सुटे मिळतात, त्यामुळे आधी शंभर ग्रॅम आणून पाहणे सोपे जाते.

मसाल्यांत दालचिनी उत्तम. बोटाच्या पेरापेक्षा लहान तुकडा आधणात टाकावा. थंडीत चिमूटभर जायफळही छान लागते. आले मात्र मी घालत नाही. अण्णांनी हट्टाने एकदा घालायला लावले, तेव्हा त्याचा झणका कोकोवर मात करून गेला. गुळाचे म्हणाल तर त्याची चव कोकोशी सुंदर जमते, पण तो दुधाबरोबर उकळला तर दूध फाटण्याची भीती असते. म्हणून गॅस बंद केल्यावर किसून घालावा.

अण्णांनी ही शेवटची रीत पसंत केली, तरी सकाळचा चहा त्यांना वेलदोड्याचाच लागतो आणि तो तसाच होतो. भाचीच्या खोलीत फ्रीज नाही आणि एकच इंडक्शन शेगडी आहे. तिच्यासाठी मी अर्धी वाटी कोको, पाऊण वाटी पिठीसाखर, पाव चमचा दालचिनीची पूड आणि दोन चिमटी मीठ एकत्र चाळून बरणीत भरून दिले आहे. ओला चमचा न घालता ते महिनाभर सहज टिकते. कपात चार चमचे मिश्रण घ्यायचे, चमचाभर गरम दुधात आधी घोटायचे आणि मगच त्यावर मुरलेला चहा व उरलेले गरम दूध ओतायचे, हे तिला दोनदा करून दाखवले. मैत्रिणींमध्ये पहिली बरणी आठ दिवसांत संपली.

आता दिवाळीनंतर कोकोच्या भाजलेल्या बियांची टरफले आणून बिनदुधाच्या चहात मुरवून पाहायची आहेत. कर्नाटक आणि केरळात नारळी-पोफळीच्या बागांमध्ये कोको होतो, कर्नाटकातल्या पुत्तूरला तर शेतकऱ्यांच्या कॅम्पको या सहकारी संस्थेचा १९८६ पासूनचा चॉकलेटचा कारखानाही आहे. मंगळूरकडे जाणाऱ्या एका नातेवाइकांना मी टरफले मिळाली तर आणायला सांगून ठेवले आहे. आसामच्या पानांच्या चहाबरोबर, दूध न घालता, ती पाच मिनिटे मुरवायची असे ठरवले आहे. त्याही चहाचा पहिला कप अण्णांचाच असेल.