चौथा खांब अजून उभा आहे

हरिश्चंद्रगडावरच्या केदारेश्वराची गोष्ट गड पाहण्याच्या कितीतरी आधी आपल्या कानावर आलेली असते. डोंगरात कोरलेली गुहा, कंबरभर पाणी, मधोमध भलंथोरलं शिवलिंग आणि त्याच्या चार कोपऱ्यांना चार खांब. त्यांतले तीन तुटलेले. सत्य, त्रेता, द्वापर ही युगं संपत गेली तसा एकेक खांब कोसळला, आता कलियुगाचा तेवढा उरलाय आणि तो पडला की प्रलय. हल्ली ही गोष्ट मोबाइलवर अर्ध्या मिनिटात, मागे ढोलताशा लावून सांगतात. मला त्या ढोलताशाचा राग येतो, पण गोष्ट आवडते.

नोव्हेंबरच्या शेवटी आम्ही निघालो तेव्हा मंडळी तीनच होती. मी, माझा कॉलेजपासूनचा मित्र आणि त्याची नववीतली मुलगी. मित्राला कोकणकडा पाहायचा होता, मुलीला प्रलय. कसारा, घोटी, राजूर करत पाचनईला पोचलो. अकोले तालुक्यातलं हे गाव गडाच्या पायथ्याला आहे आणि इथून वर जाणारी वाट सगळ्यांत सोपी. सोपी म्हणजे अडीच-तीन तासांची चढण, मध्ये अंगावर झुकलेल्या कड्याच्या पोटातून जाणारा लांबलचक आडवा टप्पा, आणि एखाददुसऱ्या ठिकाणी धरायला लोखंडी कठडा.

गावातले एक मामा सोबत आले. वयाचा अंदाज येत नव्हता, पायात साध्या चपला, आणि आमच्या हजारोंच्या बुटांपेक्षा त्यांचे पाय दगडावर जास्त घट्ट बसत होते. वाटेत दोन्ही बाजूंना डोक्याहून उंच कारवी माजली होती. मुलीने विचारलं, फुलं कधी येतात हिला?

“सात वरसांनी. सगळ्या डोंगराला एकदम येत्यात. मंग बी धरती आन् मरती.”

“सगळीच मरते?”

“सगळीच. पुढच्या पावसात बी रुजतं, परत रान उभं.”

मग त्यांनी एक वाळकी काठी मोडून तिच्या हातात दिली. या काठ्यांचे कूड विणायचे, त्यावर शेणमातीचा लेप द्यायचा, की झाली घराची भिंत. मामांचं अर्धं घर अजून कारवीचं आहे, पुढचा भाग विटांचा. मुलीने ती काठी वरपर्यंत सोडली नाही.

माथ्यावर पोचलो की आधी हरिश्चंद्रेश्वराचं मंदिर लागतं. खोलगट जागेत असल्यामुळे ते लांबून दिसतच नाही, अचानक समोर येतं. शिखर साधारण सोळा मीटर उंच, भोवती कातळात खोदलेल्या गुहा आणि पाण्याची टाकी. पूर्वेला सप्ततीर्थ पुष्करणी आहे. तिच्या एका बाजूच्या कोनाड्यांत पूर्वी विष्णुमूर्ती होत्या, त्या आता सुरक्षिततेसाठी हलवल्यात आणि कोनाडे रिकामे आहेत. मंदिराचं वर्णन मी इथे करत बसणार नाही, त्याचे फोटो भरपूर मिळतील.

केदारेश्वराची गुहा मंदिरापासून थोडं खाली, ओढ्याच्या कडेला आहे. या ओढ्याला मंगळगंगा म्हणतात. ती पुढे मुळेला मिळते, आणि मुळा प्रवरेबरोबर गोदावरीला. पावसाळ्यात गुहेच्या तोंडाशी जाणं जमतंच असं नाही. आम्ही गेलो तेव्हा ओढा बारीक झाला होता, पण गुहेतलं पाणी तसंच. पाय घातला आणि मित्राच्या तोंडून जो शब्द निघाला तो मुलीसमोर काढण्यासारखा नव्हता. एवढं गार. तळाशी बारीक गाळ, पावलागणिक तो वर येतो आणि पाणी चहाच्या रंगाचं होतं. पृष्ठभागावर बेलाची पानं, एक नारळ, आणि सांगायला लाज वाटते पण बिसलेरीची एक बाटली. ती मामांनी काही न बोलता उचलून बाहेर फेकली, आणि नंतर बाहेरूनही उचलून पिशवीत टाकली.

शंकराला एरवी आपण अर्धीच प्रदक्षिणा घालतो, सोमसूत्र म्हणजे अभिषेकाचं पाणी वाहून नेणारी पन्हळ ओलांडत नाही. इथे पन्हळच पाण्याखाली गेलेली, त्यामुळे येणारा प्रत्येक जण लिंगाभोवती खुशाल पूर्ण फेरी मारतो. आम्हीही मारली. लिंग पाच-एक फुटांचं असल्याने पलीकडचा माणूस दिसत नाही, नुसता पाण्याचा आवाज येतो.

मग खांब. पाण्याच्या रेषेशी दगड बुळबुळीत, वर हात नेला की खरखरीत. बाकी तिघांच्या जागी मोडके अवशेष. वर पाहिलं तर अख्खा डोंगर या एका खांबाच्या डोक्यावर बसलाय असं खरंच वाटतं, आणि पोटात गोळा येतो. पण लेण्यातला खांब कुणी उभा केलेला नसतो. छत आधीपासून होतंच, कारण तो डोंगरच. कारागिराने भोवतीचा कातळ काढून टाकला आणि जो ठेवला तो खांब झाला. त्यामुळे तीन खांब गेले तरी छत जागचं हललेलं नाही.

हे मी सांगितल्यावर मुलगी थोडी नाराज झाली. “म्हणजे चौथा पडला तरी काहीच होणार नाही?”

मामा गुहेच्या तोंडाशी बसले होते. “पडन तवा बघू,” ते म्हणाले, “आमच्या आज्याच्या टायमाला बी एकच व्हता.”

बाहेर उन्हात पाय वाळवत बसलो तेव्हा खरा हिशेब सुरू झाला. पुराणांतलं कोष्टक असं. कलियुग ४,३२,००० वर्षांचं, द्वापर त्याच्या दुप्पट, त्रेता तिप्पट, कृत म्हणजे सत्ययुग चौपट. चारही मिळून ४३,२०,००० वर्षं, ते एक महायुग. अशी हजार महायुगं म्हणजे ब्रह्मदेवाचा एक दिवस, ४३२ कोटी वर्षं. तोच कल्प. परंपरेच्या गणिताने कलियुग इसवी सनापूर्वी ३१०२ मध्ये लागलं, म्हणजे पाच हजारांवर थोडी वर्षं झाली. मुलीने मोबाइलवर वजाबाकी केली. सव्वाचार लाखांहून जास्त बाकी.

“अरे, मग घाई काय आहे लोकांना?”

घाईचं माहीत नाही. पण गडावरच्या गोष्टीत आणि पुराणांत एक मोठा फरक आहे आणि तो कुणी बोलत नाही. पुराणांच्या हिशेबात कलियुग संपलं की जग संपत नाही, परत कृतयुग लागतं. सत्यनारायणाच्या पूजेला गुरुजी संकल्प सोडताना भरभर जे म्हणतात ते आठवा. श्वेतवाराहकल्पे, वैवस्वतमन्वंतरे, अष्टाविंशतितमे युगचतुष्के, कलियुगे प्रथमचरणे. अठ्ठाविसाव्या चौकडीतलं हे कलियुग आहे, या एका मन्वंतरात, म्हणजे एका मनूच्या काळात, आधीची सत्तावीस होऊन गेली आणि प्रत्येकाच्या मागून सत्ययुग आलं. त्या हिशेबाने हे खांब सत्तावीसदा पडून सत्तावीसदा उभे राहायला हवे होते. संकल्पात पुढे पत्ताही येतो, दंडकारण्ये देशे, गोदावर्याः दक्षिणे तीरे. आम्ही बसलो होतो ती जागा त्या पत्त्यात अगदी बरोबर बसते.

मग चार खांबांची गोष्ट आली कुठून? मला तिच्यामागे भागवतातला बैल दिसतो. धर्म हा चार पायांचा बैल, कृतयुगात चारही पायांवर उभा, पुढच्या प्रत्येक युगात एक पाय जातो, कलियुगात एकावर तोल सांभाळतो. मोडलेले तीन खांब आणि एक धड असं दृश्य समोर असताना कुणाला तो बैल आठवला नसता तरच नवल. पुढे गोष्टीने प्रलय जोडला, कारण एका खांबावरचं छत पाहून माणसाला प्रलयच सुचतो.

प्रलयही एक नाही. पुराणं चार सांगतात. ब्रह्मदेव दिवस संपवून झोपला की तिन्ही लोक बुडतात, विष्णू शेषावर पहुडतो, तो नैमित्तिक. ब्रह्मदेवाची शंभर वर्षं भरली की पंचमहाभूतंच मूळ प्रकृतीत विरतात, तो प्राकृतिक. ज्ञान होऊन एखाद्याचा संसार कायमचा मावळतो, तो आत्यंतिक. आणि चौथा नित्य, रोज कुठे ना कुठे काही जन्मतं आणि मरतं, तो. मित्र म्हणाला, “मग ही पोरगी हातात घेऊन फिरतेय तो नित्य.” कारवीची काठी. मुलीने डोळे फिरवले.

मला स्वतःला या चारांत आत्यंतिक प्रलयाची जागा सगळ्यांत चमत्कारिक वाटते. जगबुडीच्या यादीत मोक्ष! आणि त्यासाठी हा गड योग्य आहे, कारण चांगदेव इथे राहिले असं परंपरा सांगते. ‘तत्त्वसार’ हा त्यांचा ग्रंथ इथलाच मानतात. योगबळाने मृत्यूला चकवत चौदाशे वर्षं जगलेला हा माणूस ज्ञानदेवांना कोरं पत्र पाठवतो, आणि मुक्ताई म्हणते, इतकं जगून कोराच राहिला. त्या कोऱ्या पत्राचं उत्तर म्हणजे चांगदेव पासष्टी. तिच्या पहिल्याच ओवीत ईश्वर लपून राहतो तेव्हा जगाचा आभास दाखवतो आणि प्रगट होतो तेव्हा तो आभास गिळतो, असं आहे. सृष्टी आणि लय दोन्ही एकाच लपाछपीत. ४३२ कोटींच्या कोष्टकापेक्षा मला हे जास्त भिडतं, पण कोष्टकाची मजा वेगळी.

दुपारी मामांच्या ओळखीच्या झापात पिठलं-भाकरी खाल्ली, सोबत ठेचा. मुलगी ठेच्याला घाबरली नाही, बाप घाबरला.

संध्याकाळी कोकणकडा. माथ्यावरून चालत अर्धा-पाऊण तास. ज्याने पाहिला नाही त्याला सांगणं अवघड, तरी एवढं सांगतो की हा कडा सरळ खाली जात नाही, आत वळतो. काठावर पालथं पडून डोकं बाहेर काढलं तरी कड्याचा पाया दिसत नाही. खालून येणारा वारा इतका की मुलीने टाकलेलं गवताचं पातं वर येऊन माझ्या तोंडावर बसलं. इथेच १८३५ च्या सुमारास कर्नल साइक्स या इंग्रज अधिकाऱ्याने धुक्यावर उमटलेलं पूर्ण गोल इंद्रधनुष्य पाहिल्याची नोंद आहे. त्याला आपण इंद्रवज्र म्हणतो. आम्हाला दिसलं नाही. त्याला खाली ढग आणि पाठीशी सूर्य लागतो, आणि कोकण त्या दिवशी अगदी स्वच्छ होतं.

पण स्वच्छ असल्यामुळे कड्यातले आडवे थर दिसले. सह्याद्रीचा हा दगड म्हणजे लाव्हा. साधारण साडेसहा कोटी वर्षांपूर्वी इथली जमीन भेगाळली आणि लाव्हा बाहेर पडला, एकदा नाही, पुन्हा पुन्हा. एक थर पसरला, निवला, काही ठिकाणी त्यावर माती झाली, तळी साचली, झाडं आली, आणि मग पुढचा थर येऊन सगळ्यावर पसरला. घाटरस्त्यावर कापलेल्या डोंगरात काळ्या दगडांच्या मध्ये तांबडा पट्टा दिसतो ना, ती बऱ्याचदा अशीच दोन थरांमध्ये सापडून भाजलेली माती असते. मुंबईत वरळीकडे अशा मधल्या थरांत बेडकांचे जीवाश्म मिळालेत. दोन लाव्हांच्या मधल्या काळात त्या तळ्यात बेडूक ओरडत होते, म्हणजे त्यांच्यापुरतं जग व्यवस्थित चाललं होतं.

केदारेश्वराची गुहा, हरिश्चंद्रेश्वराचं शिखर, तो चौथा खांब, सगळं याच दगडातलं. हे मुलीला पटलं. खांबापेक्षा हा कडा तिला जास्त भीतिदायक वाटला, आणि माझ्या मते तिचं बरोबर आहे. मात्र मामांना लाव्ह्याचं फारसं कौतुक वाटलं नाही. “दगड पातळ व्हता म्हन्ता? मंग कोरायला सोपा गेला आसन,” एवढंच म्हणाले, आणि आम्ही तिघंही हसलो.

रात्री तंबूत राहिलो. सूर्यास्ताला कड्यावर इतकी गर्दी होती की त्याबद्दल लिहिण्यासारखं काही नाही.

जायचं असेल तर दोन-चार गोष्टी. ऑक्टोबर ते फेब्रुवारी उत्तम, जुलै-ऑगस्टमध्ये धबधबे दिसतील पण केदारेश्वरात उतरता येईलच असं नाही. गुहेत जाणार असाल तर कोरडे कपडे आणि टॉवेल बाहेर ठेवूनच पाण्यात पाय घाला. गड कळसूबाई-हरिश्चंद्रगड अभयारण्यात येतो, पायथ्याला प्रवेशशुल्क भरावं लागतं, कचरा परत आणा. जेवणाची सोय गावातली माणसं करतात, आदल्या दिवशी फोन केला तर बरं. जुन्नरच्या बाजूने येणाऱ्यांना खिरेश्वरहून तोलार खिंडीची वाट आहे. ती लांब पडते, पण पायथ्याला नागेश्वराचं जुनं मंदिर आहे आणि त्याच्या छतावरचं कोरीव काम पाहायला मान वर करून दहा मिनिटं उभं राहण्याची तयारी ठेवा. कोकणातून चढणारी नळीची वाट मात्र हौशी मंडळींची नव्हे. अनुभवी माणूस आणि दोर सोबत नसेल तर तिकडे फिरकू नका.